सारजाबाईच्या सतरा अळ्या

पोखर्णीच्या शिवारात अळी वेचावी ती सारजाबाईनंच, असं मुकादम बन्सीधर चारचौघींत म्हणायचा आणि बाकीच्या बाया तोंड वाकडं करायच्या. पण खोटं नव्हतं ते. इतर बाया एकेक पान उलटून बघायच्या. सारजाबाई झाडापुढं उभी राहून एकदा खालवर नजर टाकायची आणि हात घालायची तो नेमका अळीवर. पानाला पडलेलं भोक ताजं की कालचं, खालच्या पानावरची बारीक लेंडी ओली की वाळलेली, एवढ्यावरून तिला अळीचा पत्ता लागायचा.

"हिला अळ्या हाका मारत्यात, आमी हितं हाव म्हणून," शेजारची भिवराबाई म्हणायची. भिवराबाईचं कौतुकही टोमण्यासारखंच ऐकू यायचं.

लग्नानंतर दोन हंगाम सारजाबाई नवऱ्यासोबत, सुग्रीवसोबत, ऊस तोडायला गेली होती. राजनंदिनी पोटात राहिली तेव्हा तिनं ठरवलं, लेकरू फडावरच्या पाचटाच्या कोपीत वाढवायचं नाही. सुग्रीव मग आपल्या भावकीबरोबर मेंढरांमागं जाऊ लागला, वर्षातले आठ महिने बाहेर. आणि ती गावाजवळच्या बियाण्याच्या प्लॉटवर कामाला लागली. त्याला वीस वर्षं झाली. खुरपणी, काढणी आणि अळ्या वेचणी. हुकूम एकच, दिसली अळी की टाक डब्यात. डब्यात पूर्वी रॉकेलचं पाणी असायचं. रेशनवरचं रॉकेल बंद झाल्यापासून धुण्याच्या पावडरचं.

अशी ही बाई विंचवाला भ्यायची नाही, सापाला काठीनं बाजूला करायची. तिचा जीव भ्यायचा तो एकाच गोष्टीला. लेक परभणीच्या कॉलेजला जायची, बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला, आणि संध्याकाळची एसटी पंधरा मिनिटं लांबली की सारजाबाई चुलीवरचं उतरवून फाट्यावर जाऊन उभी राहायची. लेक उतरली की मात्र तोंडातून भलतंच निघायचं.

"चप्पल तुटली का गं तुपली? पाय वढत यायलीस."

"न्हाई तुटली, आई. तू कामून आलीस?"

"मी कुठं आले? शेणाला निघाले होते."

राजनंदिनीला लहानपणापासून चित्रं काढायचा नाद. शेळ्यांमागं असायची तेव्हा कोळशानं दगडावर काढायची. कॉलेजात आल्यावर तिची प्राणिशास्त्राची वही माणिकराव सरांच्या हाती पडली. सर तिथून निवृत्त झालेले, पण आठवड्यातून दोनदा यायचे. त्यांनी झुरळाच्या पायाचं चित्र बघितलं, त्यावरचे काटे मोजले आणि विचारलं, "हे पुस्तकातून काढलंस की झुरळावरून?"

"झुरळावरून, सर. पुस्तकात काटे कमी हायेत."

त्या दिवशी सरांनी तिला ग्रंथालयाच्या कपाटातलं एक मोठं पुस्तक दाखवलं. फुलपाखरांचं. जाड गुळगुळीत पानं, हात धुऊन आल्याशिवाय उलटू द्यायचे नाहीत. पानापानावर रंगीत फुलपाखरं, इस्तरी केल्यासारखी पंख पसरून बसलेली. राजनंदिनी दुपारचा डबा न खाता ते बघत बसली. सर म्हणाले, "यात एकच उणीव आहे बघ. सगळी मेलेली आहेत." त्यांना आपल्या जिल्ह्यातल्या फुलपाखरांचं एक पुस्तक करायचं होतं, शाळेतल्या पोरांसाठी. एका पानावर एक फुलपाखरू, पण अंड्यापासून उडेपर्यंत, ज्या झाडावर राहतं त्या झाडासकट. नियम एकच, समोर दिसलं तेच काढायचं. फोटोवरून नाही, दुसऱ्या पुस्तकावरून तर नाहीच.

कागदी लिंबावरच्या फुलपाखराचं पान त्यांनी राजनंदिनीला दिलं. ते दसऱ्याच्या आत जमलं तर उरलेली तीसही पानं तिनंच काढायची. नाही जमलं तर परभणीतला एक चित्रकार तयार होता. फोटोवरून भराभर काढून देणारा.

राजनंदिनीनं हे घरी सांगितलं ते एवढंच, "सरांच्या पुस्तकात मपलं फुलपाखराचं चित्र यायचं हाय." सारजाबाईनं त्या रात्री भाकरीवर तूप जास्त वाढलं. फुलपाखराचं चित्र म्हणजे फुलपाखराचं चित्र. त्यात अळीचा काही संबंध असेल हे तिच्या डोक्यात यायचं कारणच नव्हतं.

तेव्हापासून लेक सकाळी एसटीच्या आधी आणि रविवारी दिवसभर भिवराबाईच्या लिंबाखाली बसू लागली. मांडीवर वही, शेजारी पाण्याची वाटी. सारजाबाईला वाटलं, सावलीला अभ्यास करायलीय.

पितरं सुरू झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी भिवराबाई दारात आली.

"सारजे, तुपली पोरगी मपल्या लिंबाखाली बसायली तवापसून लिंबाला कीड पडलीय. शेंडे खाऊन टाकलेत. नजर बिजर हाय का काय तिच्यात?"

"भिवरामावशी, तोंड सांबाळून बोला. मपल्या पोरीची नजर पडली तर वाळलं झाड पालवंल."

"मग चल की बगायला, कसं पालवलंय ते!"

सारजाबाई गेली. लिंब पुरुषभर उंचीचं. शेंडे खरंच कुरतडलेले. पानांवर पाखरानं शिटावं तसे काळेपांढरे डाग दिसत होते. पण तिची नजर फसणारी नव्हती. डागाला काडीनं डिवचलं, डाग हलला आणि डोक्यातून तांबडी दोन शिंगं काढून घाण वास सोडला. "बगा," सारजाबाई म्हणाली, "तुमाला वाटतंय पाखरानं घाण केली. अळ्या हायेत." आणि भिवराबाईच्या तोंडाला कायमचं कुलूप लागावं म्हणून तिनं घरून डबा आणला, पावडरचं पाणी केलं आणि खालपासून वरपर्यंत झाड साफ केलं. एक राहू दिली नाही.

संध्याकाळी लेक एसटीतून उतरली ती घरी न येता आधी लिंबाकडं गेली. मग घरी आली. दप्तर ठेवलं.

"आई, लिंबावरच्या अळ्या…"

"येचल्या! भिवराबाईची बोलतीच बंद केली. म्हणायली तुपली नजर लागली."

राजनंदिनी उंबऱ्यात बसली. सारजाबाईनं पाणी दिलं, ते तसंच हातात धरून राहिली. मग तिनं विचारलं, "किती होत्या?"

"सतरा. कामून?"

लेकीनं वही काढली आणि लिहिलं. तारीख, लिंबू, सतरा. लिहून झाल्यावर ती रडायला लागली. आवाज न करता. तो प्रकार सारजाबाईला आवाज करून रडण्यापेक्षा भयंकर वाटला.

मग सगळं कळलं. तीच अळी मोठी होऊन हिरवी होते, तिचा कोश होतो, कोशातून ते काळ्यावर पिवळे ठिपके असलेलं, मागं लाल टिकला असलेलं फुलपाखरू निघतं. वहीत अंडं झालं होतं, तीन लहान अळ्या झाल्या होत्या. पुढची जागा कोरी होती. सारजाबाईनं ते पान बघितलं. अळीच्या अंगावरचा ओलसर चकाकता पापुद्रासुद्धा लेकीनं उतरवला होता. वीस वर्षांत हजारो अळ्या हातातून गेल्या, पण अळी एवढी नटलेली असते हे त्या बाईनं कधी पाहिलंच नव्हतं.

"मला सांगायचं न्हाई व्हय गं आदी?"

"अळ्यांची चित्रं काढायलीय म्हणून सांगितलं असतं तर तू बसू दिलं असतंस का?"

सारजाबाईनं वही पदरानं पुसून तिच्यापुढं ठेवली.

दुसऱ्या दिवसापासून मायलेकी गावातली लिंबं हिंडल्या. दोन झाडांवर फवारा मारलेला. देवळाकडच्या बेलाचे शेंडे इतके उंच की खालून काही दिसेना. एका कढीपत्त्यावर अंडी सापडली, पण ती वाढून फुलपाखरू व्हायला महिना लागला असता. हवी होती मोठी अळी. राजनंदिनी म्हणाली, "राहू दे आई. काढू दे त्या चित्रकाराला." तिनं ते इतकं समजूतदारपणे म्हटलं की सारजाबाईनं पुढ्यातली भाकरी तशीच झाकून ठेवली.

चौथ्या दिवशी प्लॉटवर तुरीची खुरपणी चालू होती. हात खुरपत होते आणि डोक्यात ती शिंगं. तांबडी, दुबेळकी, घाण वासाची. ती शिंगं आपण आधीही पाहिलीत, आणि लिंबावर नाही. कुठं? खुरपं थांबलं. बांधावरच्या बावचीवर. काळ्या रानात बावची तणासारखी माजते, आणि खुरपताना कधीतरी तिच्यावर एक हिरवी, जाडसर अळी असते. पिकाला खात नाही म्हणून बाया तिला वेचत नाहीत, तणासकट फेकून देतात.

सारजाबाई आपली ओळ सोडून बांधाकडं चालायला लागली.

"ओ सारजाबाई! तिकडं कुठं? तूर हिकडं हाय!" बन्सीधर ओरडला.

"पोटात दुखायलंय!"

बायांमध्ये हसू पिकलं. सारजाबाईनं बांध या टोकापासून त्या टोकापर्यंत बघितला. सातव्या की आठव्या झुडपाला पानांच्या कडा ताज्या कातरलेल्या होत्या, खाली ओली लेंडी. तिनं हात घातला नाही. आयुष्यात पहिल्यांदा अळी दिसूनही तिनं हात मागं घेतला, आणि फांदीच मोडली. भाकरी खाऊन रिकामा केलेला डबा पाण्यानं धुतला, पदरानं कोरडा केला, आत फांदी ठेवली आणि झाकण किलकिलं ठेवून दिवसभर तो बांधावर सावली बदलेल तसा सरकवत राहिली.

"तीच हाय, आई! तीच!" लेक म्हणाली, आणि सारजाबाईच्या जिवात जीव आला.

शेजारच्या पोरीच्या मोबाइलवरून सरांना फोन केला. बावचीवर म्हटल्यावर त्यांनी दोनदा विचारून खात्री केली. "वाचलंय मी. पण आपल्याकडं स्वतः बघितलेलं नाही. इथून पुढं लिंबाऐवजी बावची काढ. चालेल. उलट चांगलं."

अळीला लिंबाचं पान दिलं तर तोंड लावेना. तेव्हा सारजाबाई रोज कामावरून येताना पदरात बावचीचे कोवळे शेंडे आणायची. आल्या आल्या पाणी प्यायच्या आधी पहिला प्रश्न, "खाल्लं का तिनं?" भिवराबाई कुडावरून बघायची. "सारजे, बाळंतीण कोण हाय घरात? पाला कुणाला कुटायलीस?" सारजाबाई म्हणायची, "पाव्हणी आलीय." लेक खिडकीशी बसून चित्र काढायची. हिरव्या अंगावरचे तिरके पट्टे, चिडवल्यावर निघालेली शिंगं.

तिसऱ्या दिवशी अळीनं खाणं सोडलं. सारजाबाई घाबरली, पण लेक म्हणाली, आता बसणार. आणि बसली खरी. फांदीला शेपूट चिकटवलं, अंगाभोवती एक बारीक दोरा घेतला आणि त्यावर मागं रेलून राहिली, जशी कामावरची बाई लेकराला पाठीशी बांधते आणि लेकरू निवांत रेलतं. दुसऱ्या दिवशी सकाळी कोश झालेला. पोपटी, मऊ.

राजनंदिनीनं तो काढला. सारजाबाई मागून बघत होती.

"हा काय काळा ठिपका काढलास त्यावर?"

"चिलट बसलंय आई. ते बघ, कोशावर फिरायलंय."

"मग चिलट कशाला काढावं? पाखराच्या चित्रात चिलट! पुसून टाक."

"बसलंय की पण ते," लेक म्हणाली आणि ठिपक्याला इवले दोन पंख काढले.

आठ-दहा दिवसांत फुलपाखरू निघायला पाहिजे होतं. घटस्थापना झाली. आठ झाले, दहा झाले. सारजाबाई उपवासाची, पण तिचं लक्ष घटाकडं कमी आणि खिडकीकडं जास्त. कोश काळसर पडत चालला. राजनंदिनी रोज वहीत लिहायची, "बदल नाही." बारा झाले. लेक जेवेनाशी झाली. सारजाबाई रागवायची, "कोशात ती उपाशी हाय म्हणून तू बी उपाशी का?"

अष्टमीला सकाळी कोशाला टाचणीच्या टोकाएवढं भोक दिसलं. त्या भोकातून काहीतरी बाहेर आलं. फुलपाखरू नव्हे. मुंगीहून बारीक, हिरवट चकाकतं, पंख असलेलं. त्याच्यामागून दुसरं. मग तिसरं. मायलेकी बघत राहिल्या. राजनंदिनीनं पांढरा कपडा अंथरला आणि मोजायला सुरुवात केली. त्रेसष्टपर्यंत मोजलं. कोश आतून रिकामा होता.

"खाल्लं तिला," सारजाबाई म्हणाली. तिच्या लेखी ते फुलपाखरू नुसता कीटक राहिलेलं नव्हतं. तीन दिवस पदरातून पाला आणला होता आणि दोन आठवडे खिडकीकडं डोळे लावले होते तिनं त्याच्यासाठी.

सर नवमीला येणार होते. दुपारी सारजाबाईनं शेजारच्या पोरीकडून मोबाइल आणला, त्यात लिंबावरच्या फुलपाखराचा फोटो तिच्याकडूनच शोधून घेतला आणि लेकीपुढं धरला.

"हे काढ."

"न्हाई."

"का न्हाई? असंच असतंय ना ते? रोज लिंबावर भिरभिरतंय. तुला मालूम हाय, मला मालूम हाय. सरांना कळणार बी न्हाई."

"आई, हिच्यातून ते निघालं न्हाई."

"कुणाला सांगायचंय? तीस पानं जायलेत तुपली! एका चित्रासाठी?" सारजाबाईचा आवाज चढला. "असं कसं निभायचं गं तुपलं? जगात कोण एवढं खरं धरून बसलंय?"

लेकीनं ब्रश ओला केला आणि कोशाशेजारच्या कोऱ्या जागेत, जिथं फुलपाखरू यायचं होतं तिथं, ते भोक आणि भोकातून निघणारे बारीक जीव काढायला घेतले. सारजाबाई चुलीपाशी जाऊन बसली. रागानं बसली होती, पण मान वळवून वळवून बघत होती.

नवमीला माणिकराव सर अकराच्या एसटीनं आले. बाजेवर बसले, चहा घेतला, पान मांडीवर घेतलं. खिशातून भिंग काढलं. अंडं, अळ्या, बावचीची पानं. "वा," म्हणाले. मग कोशावर थांबले.

"हा ठिपका?"

"चिलट होतं, सर. बसलेलं होतं म्हणून काढलं."

सरांनी भिंग जवळ नेलं. मग शेवटचं चित्र बघितलं आणि पुन्हा ठिपका. चहाचा कप खाली ठेवला.

"हे चिलट नाही, पोरी. हीच त्या किड्यांची आई. कोश मऊ असताना ती आत अंडी घालते. तू तिला अंडी घालताना काढलंयस. आणि पोरं निघताना काढलंयस." सरांनी भिंग पुसून खिशात ठेवलं. मग जरा अवघडून म्हणाले, "पण लहान मुलांचं पुस्तक आहे. शेवटी फुलपाखरू नको का? मुलं हिरमुसतील."

राजनंदिनी खाली बघत होती. सारजाबाई दाराआडून बोलली. आपण बोलू असं तिला स्वतःलाही वाटलं नव्हतं.

"सर, मी अडाणी बाई. पण वीस वर्सं अळ्याच बगतेय. प्लॉटवर ते अंडी चिकटवलेली कारडं लावत्यात, पानाखाली टाचत्यात, त्यातून असेच बारीक किडे निघत्यात. साहेब म्हणत्यात हे आपले दोस्त. शंभर अळ्या असल्या तर पाखरू एकादंच व्हतंय. बाकीच्या कुठं जात्यात ते लेकरांना कुणी सांगतंच न्हाई. त्यांना वाटतंय सगळ्याच उडाल्या."

सर हसले नाहीत. त्यांनी पान पुन्हा मांडीवर सरळ केलं.

"फुलपाखरू पुढच्या पानावर काढ," ते राजनंदिनीला म्हणाले. "जेव्हा निघेल तेव्हा. घाई नाही. हे असंच जाईल." आणि वहीत बघत, "उरलेली पानं कुठून सुरू करतेस?"

राजनंदिनीनं नुसतं आईकडं बघितलं.

पानामागं नोंद लागते, सर म्हणाले. गाव, तारीख, झाड, आणि अळी कुणाला सापडली. त्यांनी पेन उघडून सारजाबाईचं नाव विचारलं, तशी ती दोन पावलं मागं सरली. "नाव कशाला, सर? काय चुकलं का? मी बांधावरचीच आणली, पिकातली न्हाई." कुणी तरी कुडापलीकडून हसलं. लेकीनंच मग सांगितलं, "लिहा सर. सारजाबाई सुग्रीव गडदे."

चित्र दोन पुठ्ठ्यांत घालून सुतळीनं बांधलं. फाट्यापर्यंत ते कुणाच्याही हातात न देता सारजाबाईनंच नेलं, दोन्ही तळव्यांवर, भरलेल्या ताटासारखं. एसटी आली. गर्दी होती. सर आत चढून बसेपर्यंत तिनं ते सोडलं नाही. खिडकीतून आत दिलं आणि तरीही खिडकीचा गज धरून उभी राहिली.

"मास्तर," तिनं कंडक्टरला हाक मारली, "डायवरला सांगा, सावकाश न्या गाडी. आत चित्र हाय."

"कशाचं चित्र, मावशी?"

"अळीचं," सारजाबाई म्हणाली. "मपल्या लेकीनं काढलेलं."

"मग अळीला जागा द्या रे बसायला!" कंडक्टर ओरडला, सगळी गाडी हसली, आणि त्यानं घंटीची दोरी ओढली.